घर काळें आहे

करमणुकीसाठीं बसावें आणि जिवाला घोर लावून उठावें, हा अव्यापारेषु व्यापार होय, असें आमच्या घरांतील वडील मंडळींचें चित्रपटांविषयीं जुनें मत आहे. आणि एरवीं आम्हीहि त्याच मताचे. परंतु गेल्या महिन्यांत एका रविवारीं, रात्रीचीं जेवणें आटोपल्यावर, आमच्या धाकट्या सूनबाईंनीं आग्रहच धरला कीं, अवघा वीस-बावीस मिनिटांचा एक इराणी चित्रपट आहे, तो सर्वांनीं मिळून पाहावा. चित्र कृष्णधवल, भाषा फारसी, विषय एका कुष्ठधामाचा. विषय ऐकतांच दिवाणखान्यांतून दोघे-तिघे हळूच उठूं लागले. बंधूंचें म्हणणें पडलें कीं, निदान मुलांना तरी आंत पाठवावें. आमच्या मातोश्री मात्र (त्यांचें वय आज अठ्ठ्याऐंशी आहे) आपल्या खुर्चींत तशाच बसून राहिल्या, आणि “लाव ग, पाहूं,” एवढेंच म्हणाल्या. त्या बसल्या म्हणून बाकीचे बसले, आणि मुलेंहि राहिलीं. त्या रात्रीं काय पाहिलें आणि पाहिल्यावर घरांत काय झालें, तें आज वाचकांस सांगावयाचें आहे.

ह्या चित्रपटाचें मूळ नांव ‘खाने सियाह अस्त’, म्हणजे ‘घर काळें आहे’. १९६२ सालीं इराणच्या वायव्य भागांत, तब्रीझ शहराजवळील बाबाबागी नांवाच्या कुष्ठधामांत तो घेतला गेला. दिग्दर्शिका फोरुग फर्रुखझाद ह्या बाई मुळांत कवयित्री. त्यांस त्या वेळीं पुरतीं अठ्ठावीस वर्षेंहि झालेलीं नव्हतीं. कुष्ठरोग्यांस साहाय्य करणाऱ्या एका संस्थेनें इब्राहीम गुलिस्तान ह्यांच्या चित्रसंस्थेकडे माहितीपटाची मागणी केली. बाई तेथें चित्रसंकलनाचें काम करीत. तेलाच्या विहिरीस लागलेल्या आगीवरील त्या संस्थेचा एक माहितीपट त्यांनींच संकलित केला होता. गुलिस्तान ह्यांनीं हें नवें काम त्यांजवर सोंपविलें, आणि त्यांनीं मोजके साथीदार बरोबर नेऊन बारा दिवसांत चित्रण उरकलें. त्यांनीं स्वतंत्रपणें दिग्दर्शित केलेला चित्रपट एवढा एकच. १९६७ च्या फेब्रुवारींत, बत्तीस वर्षांच्या असतांना, तेहरानमध्यें मोटार-अपघातांत त्यांचा अंत झाला.

बाईंच्या आयुष्यांतील एक-दोन गोष्टी सांगितल्याशिवाय पुढें जाववत नाहीं. सोळाव्या वर्षीं लग्न, मग एक मुलगा, १९५५ सालीं घटस्फोट, आणि तेथील तत्कालीन कायद्याप्रमाणें मुलगा बापाच्या घरीं. त्याच वर्षीं मनाचा तोल ढळल्यामुळें त्यांस मानसोपचारांच्या दवाखान्यांत ठेवावें लागलें होतें. त्यांच्या पहिल्या काव्यसंग्रहाचें नांव ‘असीर’, म्हणजे कैदी, दुसऱ्याचें ‘दीवार’. दोन्ही नांवें कुष्ठधाम पाहण्यापूर्वींचीं आहेत. दार बाहेरून लागलें म्हणजे आंतील माणसाला काय वाटतें, हें शिकण्यासाठीं ह्या बाईस तब्रीझपर्यंत जाण्याचें कारण नव्हतें.

चित्रपटाच्या नांवाविषयीं दोन शब्द. फारसीशीं आम्हां मराठी लोकांचा सहवास कांहीं शतकांचा आहे. ‘खाने’ म्हणजे आपला ‘खाना’च, दवाखाना, कारखाना, तोफखाना, बंदीखाना हे सारे त्याच घराण्यांतले, आणि ज्या दिवाणखान्यांत आम्ही बसलों होतों तोहि त्यांतलाच. ‘सियाह’ म्हणजे काळें. त्यापासून झालेली ‘सियाही’ मराठींत ‘शाई’ होऊन बसली. म्हणजे ह्या नांवांतील दोन्ही शब्द आमच्या घरांत रोज वावरतात. फरक इतकाच कीं, फारसींत ‘खाने’ म्हणजे प्रथम माणसाचें घर. आमच्याकडे तो शब्द घर सोडून संस्थेला जाऊन चिकटला. कुष्ठधामाला तिकडे ‘जुझामखाने’ म्हणतात, म्हणजे रोगाचें घर. आम्ही धाम म्हणतों, सदन म्हणतों, आश्रम म्हणतों. जेथें माणसाला घरापासून तोडून ठेवावयाचें त्या जागेला घराचेंच गोड नांव द्यावयाचें, ह्या कामीं दोन्ही भाषा सारख्याच तरबेज दिसतात.

आरंभीं पडदा काळाच राहतो. त्या अंधारांतून एका पुरुषाचा आवाज येतो, आणि त्याच्या बोलण्याचा आशय असा कीं, जगांत कुरूपता आहेच. तिच्याकडे डोळेझांक केल्यानें ती कमी होत नाहीं, वाढते. मग एकदम एक स्त्री दिसते. ओढणीनें चेहरा अर्धा झांकलेला, समोर आरसा. रोगानें तिचा चेहरा पार विद्रूप केलेला आहे, आणि ती त्या आरशांत एकटक पाहत आहे. चित्रयंत्र सावकाश तिच्या प्रतिबिंबाजवळ सरकत जातें. येथें आमच्यांपैकीं कोणी तरी “अग बाई!” म्हणून तोंड फिरविलें. खोटें कशाला सांगावें, आम्हींहि क्षणभर खालीं पाहिलें. मग ध्यानांत आलें कीं, जिला तें रूप पाहण्याचें दुःख सर्वांत अधिक, ती बाई स्वतः पाहत आहे, आणि ज्यांचें त्यांत कांहीं गेलें नाहीं ते आम्ही माना फिरवीत आहोंत.

पुढें कुष्ठधामांतील दिनक्रम दिसूं लागतो. शाळेंतील मुलें पुस्तक हातीं धरून देवाचे आभार वाचीत आहेत: हात दिले म्हणून, डोळे दिले म्हणून, कान दिले म्हणून, पाय दिले म्हणून. पुस्तक धरणारे हात कसे आहेत, तें आपण पाहतच असतों. मशिदींत प्रार्थनेसाठीं वर उचललेल्या हातांना बोटें नाहींत. जेवणाच्या वेळीं लोक आपापलीं भांडीं घेऊन येतात. कोणी एका मुलीचे केंस विंचरीत आहे, कोणी डोळ्यांत सुरमा घालीत आहे. एक लग्नहि आहे. त्यांत वाद्य वाजतें, लोक नाचतात. नवरा-नवरी दोघेंहि तेथलींच.

ह्या सर्वांवर दोन आवाज चालतात. एक पुरुषाचा, डॉक्टरी बेताचा, कोरडा. हा रोग संसर्गजन्य आहे, आनुवंशिक नाहीं, दारिद्र्याच्या पाठोपाठ येतो, आणि वेळीं उपचार झाले तर बरा होतो. हें तो थोडक्यांत सांगतो, व त्याच वेळीं पडद्यावर औषधपाणी, तपासणी आणि आंखडलेल्या हातापायांचे व्यायाम दिसतात. दुसरा आवाज फोरुगबाईंचा. त्यांत बायबलच्या जुन्या करारांतील स्तोत्रांचे अंश, कुराणांतील वचनें आणि त्यांच्या स्वतःच्या ओळी एकमेकींत अशा मिसळल्या आहेत कीं, कोणतें कोठलें तें फारसी न जाणणाऱ्यास कळूं नये. मातोश्रींस पडद्याखालचीं इंग्रजी अक्षरें वाचतां येत नाहींत. सूनबाई त्यांच्या कानाशीं तोंड नेऊन हळू आवाजांत एकेका वाक्याचें मराठी करीत होत्या. त्यामुळें आम्हां सर्वांस त्या चित्रपटाचा एक तिसराहि आवाज ऐकूं येत होता, आणि तो आमच्या घरचा होता.

एक प्रसंग विशेष लक्षांत राहिला. भिंतीच्या कडेनें एक मनुष्य चालत जातो, वळतो, पुनः तसाच परत येतो. त्याच्या येरझारांवर बाईंचा आवाज वारांचीं नांवें घेत राहतो. आरंभ शनिवारापासून, कारण इराणांत आठवडा शनिवारीं सुरू होतो. दुसरें कांहीं घडत नाहीं. ज्यांनीं एखाद्या इस्पितळांत दीर्घ मुक्काम केला आहे, किंवा ज्यांच्या घरीं कोणी वर्षानुवर्षें अंथरुणाला खिळलेलें आहे, त्यांस हा प्रसंग उलगडून सांगावयास नको. बाहेर वार असतो तो कशासाठीं तरी असतो; सोमवारीं उपास, गुरुवारीं दत्ताचें दर्शन, शनिवारीं बाजार. आंत तो नुसताच वार असतो.

येथें एक गोष्ट निक्षून सांगितली पाहिजे, नाहीं तर आमच्या लिहिण्याचा भलताच अर्थ होईल. ह्या चित्रपटांत कोणी दुष्ट नाहीं. पहारेकऱ्याचा दंडुका नाहीं, उपासमार नाहीं, अपशब्द नाहीं. डॉक्टर आपलें काम करीत आहेत, मास्तर शिकवीत आहेत, अन्न वेळेवर मिळत आहे. अन्न, औषध, शाळा, प्रार्थना, लग्न, सगळें आहे. तुरुंगावर चित्रपट काढणें त्या मानानें सोपें. जुलूम करणारा दाखवितां येतो आणि प्रेक्षक त्याच्यावर रागावून मोकळा होतो. येथें राग कोणावर काढावा, हें कळत नाहीं. ज्यांनीं ह्या माणसांस येथें आणून सोडलें ते चित्रांत कोठेंच नाहींत. ते आपापल्या घरीं आहेत.

अशा चित्रपटावर जे आक्षेप येतात ते आमच्याहि मनांत आले. कोणाच्या व्यंगावर कविता वाचावी काय? आणि शाळेंतील कांहीं प्रश्नोत्तरें आधीं ठरवून घेतल्यासारखीं वाटतात, तीं तशीं असतील तर माहितीपट कशाला म्हणावें? दुसऱ्या आक्षेपाला आम्ही फारसें महत्त्व देत नाहीं. मुलांचे चेहरे कोणी पढवून ठेवले नव्हते. पहिला मात्र खरा आहे. नुसत्या डॉक्टरी आवाजाचा चित्रपट अधिक सभ्य झाला असता. पण मग तीं माणसें रोगाच्या नमुन्यादाखल उरलीं असतीं. कवितेच्या आवाजामुळें तीं कोणाला तरी हांक मारणारीं माणसें झालीं. दोन आवाजांतील आम्हांस एकच निवडावयाचा असता तर फार पंचाईत झाली असती. बाईंनीं दोन्ही ठेवले, ह्यांतच त्यांचें शहाणपण दिसतें.

आतां तो शाळेचा शेवटचा प्रसंग. मास्तर विचारतात, देवानें आईबाप दिले म्हणून त्याचे आभार कां मानावेत? एक मुलगा उत्तर देतो कीं, मला ठाऊक नाहीं. मला दोघेंहि नाहींत. मास्तर दुसऱ्याला कांहीं सुंदर वस्तूंचीं नांवें विचारतात. तो चंद्र, सूर्य, फूल आणि खेळ हीं सांगतो. तिसऱ्याला कुरूप वस्तू विचारतात. तो हात, पाय, डोकें असें म्हणतो, आणि सगळा वर्ग खदखदां हंसतो. आमच्याकडील मुलेंहि येथें हंसलीं, आणि लगेच गप्प झालीं. मग मास्तर एका मोठ्या मुलाला फळ्याशीं बोलावून ‘घर’ हा शब्द घालून वाक्य लिहावयास सांगतात. तो खडू हातांत धरून विचार करीत उभा राहतो. तेवढ्यांत चित्र बदलतें. कुष्ठधामांतील सारे लोक मिळून आपल्या दिशेनें, फाटकाकडे, चालत येत आहेत. ते जवळ येतात, आणि फाटक त्यांच्या तोंडावर बंद होतें. फाटकावर ‘जुझामखाने’ हीं अक्षरें आहेत. पुनः वर्ग दिसतो. मुलगा फळ्यावर लिहितो. त्यानें लिहिलेलें वाक्य म्हणजेच चित्रपटाचें नांव.

सूनबाईंनीं तें वाक्य मातोश्रींस सांगितलें तेव्हां त्यांचा आवाज थोडा अडखळला.

चित्रपटास जर्मनींतील ओबरहाउझेनच्या महोत्सवांत पारितोषिक मिळालें, आणि आज इराणी चित्रपटांचा इतिहास लिहिणारे त्याचें नांव आरंभींच घेतात. परंतु आमच्या घरांतील बायकांस अधिक महत्त्वाची वाटलेली गोष्ट निराळी होती. त्या कुष्ठधामांत राहणाऱ्या एका जोडप्याचा लहान मुलगा बाईंस लागला. आईबापांच्या संमतीनें त्यांनीं त्याला तेहरानला नेलें आणि दत्तक घेतलें. ज्या बाईचें पोटचें मूल कायद्यानें काढून घेतलें होतें, तिनें बारा दिवसांचें काम संपवून परततांना त्या फाटकांतून एक मूल बाहेर काढलें. बाकीचीं आंतच राहिलीं, हेंहि खरेंच.

इतका वेळ वाचक म्हणत असतील कीं, हें सारें साठ वर्षांमागचें, परक्या देशांतलें. म्हणून थोडें इकडचें सांगतों. ह्या रोगाचा जंतु नॉर्वेंतील डॉक्टर हॅन्सेन ह्यांनीं १८७३ सालीं शोधून काढला; म्हणजे तो पूर्वजन्मींच्या पापाचा भोग नव्हे, हें कळून दीडशें वर्षें होऊन गेलीं. बहुसंख्य माणसांच्या अंगीं त्याला तोंड देण्याची शक्ति उपजतच असते. तरीहि १८९८ सालीं ह्या देशांत कुष्ठरोग्यांस पकडून कोंडण्याचा कायदा झाला, आणि तो पुस्तकांतून कायमचा निघावयास २०१६ साल उजाडलें. जोडीदारास हा रोग होणें हें घटस्फोटाचें कारण हिंदु विवाह कायद्यांत १९५५ पासून होतें. तें २०१९ सालीं काढलें गेलें. अनेक औषधें एकत्र देण्याची पद्धति जागतिक आरोग्य संघटनेनें १९८० नंतरच्या दोन-तीन वर्षांत पुढें आणल्यापासून सहा महिने ते वर्षभरांत रोगी बरा होतो, औषध फुकट मिळतें, आणि उपचार सुरू होतांच त्याच्यापासून दुसऱ्यास बाधा होण्याचें भय जवळजवळ राहत नाहीं. इतकें असून जगांत दर वर्षीं सांपडणाऱ्या नव्या रोग्यांपैकीं निम्म्याहून अधिक आजहि भारतांतच सांपडतात.

आमच्या महाराष्ट्रानें ह्या कामीं मोठीं माणसें दिलीं. वर्ध्याजवळ दत्तपूरला मनोहरजी दिवाण ह्यांनीं १९३६ सालीं काम मांडलें. वरोऱ्यास बाबा आमटे ह्यांनीं आनंदवन उभें केलें आणि ज्यांस जगानें निरुपयोगी ठरविलें होतें त्यांच्याच हातांनीं शेतें पिकविलीं, इमारती बांधल्या. आणि परचुरे शास्त्री! संस्कृताचे एवढे व्युत्पन्न पंडित. रोगानें ग्रासल्यावर त्यांस समाजांत कोठें थारा मिळेना. १९३९ सालीं ते सेवाग्रामास आले, आणि गांधीजींनीं त्यांस झोंपडी बांधून देऊन त्यांच्या अंगाला स्वतःच्या हातांनीं मालीश केलें. गांधीजी शास्त्रीबोवांच्या पायांशीं बसले आहेत, तें छायाचित्र पुष्कळांनीं पाहिलें असेल. आमच्या घरींहि तें एका जुन्या पुस्तकांत होतें. आम्हीं तें लहानपणीं कितीदां तरी पाहिलें, वडिलांनीं कौतुकानें दाखविलें. आणि त्याच घराच्या परसांत काय होतें, तें आतां सांगतों.

आमच्या गांवच्या वाड्याला मागल्या अंगास, गोठ्यापलीकडे, एक खोली होती. आम्ही पांच वर्षांचे होईपर्यंत तींत कोणी तरी राहत असे. कोण, हें मुलांस सांगितलेलें नव्हतें. तिकडे जावयाचें नाहीं, एवढेंच ठाऊक. पहांटे त्या खोलींतून ओव्या ऐकूं येत. जात्याचा आवाज मात्र येत नसे, कारण तेथें जातें नव्हतें. त्या हातचें पीठ घरांत कोण घेणार? दुपारीं आमच्या मातोश्री एका पितळींत भात-आमटी नेऊन उंबऱ्याबाहेरील दगडावर ठेवून परत येत. ती पितळी इतर भांड्यांत मिसळूं नये म्हणून तिच्या कांठाला खांच पाडलेली होती. आंतील व्यक्तीचा चेहरा आम्हीं कधीं पाहिला नाहीं. आवाज अजून ओळखूं.

१९६२ चा उन्हाळा असावा. एके दिवशीं ओव्या थांबल्या. विचारलें तेव्हां “आत्याआजी काशीस गेल्या” असें उत्तर मिळालें. काशीस गेलेलें माणूस परत येतें, गंगेचा गडू आणतें, घरीं मावंदें होतें, पंगती उठतात. हें मावंदें झालें नाहीं, आणि कां झालें नाहीं तें कोणीं विचारलेंहि नाहीं. पुढें मोठेपणीं, ह्याच्या-त्याच्या बोलण्यावरून, आम्हांस समजलें कीं आत्याआजी म्हणजे आजोबांची धाकटी बहीण. हातावर न दुखणारा चट्टा दिसला म्हणून सासरच्यांनीं विशीच्या आंत माहेरीं आणून घातलेली. आणि काशी म्हणजे दूरच्या जिल्ह्यांतील एक कुष्ठधाम. त्या वेळीं डॅप्सोनची गोळी आपल्या देशांत मिळत होती, १९५५ पासून सरकारची तशी योजनाहि चालू होती. घरीं ठेवून उपचार करतां आले असते. हेंहि आम्हांस पुढें कळलें. कळलें आणि आम्ही गप्प बसलों. आजोबांस नांव ठेवण्याचा अधिकार आम्हांस नाहीं. त्यांनीं एकदां दार लावलें, आम्हीं तें साठ वर्षें लावलेलें ठेवलें.

चित्रपट संपल्यावर कोणीं दिवा लावला नाहीं. मातोश्रींनीं सूनबाईंस विचारलें, “त्या मुलानें फळ्यावर काय लिहिलें, तें पुनः सांग.” त्यांनीं सांगितलें. मग मातोश्रींनीं एक नांव घेतलें. तें नांव घरांत उच्चारलेलें आम्हीं जन्मांत प्रथमच ऐकलें.

त्या म्हणाल्या, “रात्रीं गाडी सांगितली होती. शेजाऱ्यांना दिसूं नये म्हणून कंदील लावला नव्हता. त्यांना गाडींत बसवायला मीच गेलें. दुसरें कोण जाणार? तर मला म्हणतात, ‘सूनबाई, पितळी बरोबर घेऊं का?’ मी म्हटलें, घ्या. एवढेंच बोलणें झालें.”

थोडा वेळ गेला. मग त्यांनीं आणखी सांगितलें कीं, वर्षा-दोन वर्षांनीं एक पोस्टकार्ड आलें होतें, कोणाकडून तरी लिहविलेलें. एकदां कोणी तरी येऊन जावें, एवढाच मजकूर. मामंजींनीं तें वाचून देवघरांतील पोथ्यांच्या फडताळांत ठेवलें. उत्तर गेलें नाहीं. पुढें तिकडून कांहींच आलें नाहीं.

एवढ्यावर प्रकरण थांबलें असतें. पण आमच्या कुलवृत्तान्ताची नवी आवृत्ति सध्यां तयार होत आहे, आणि दुरुस्त्या कळविण्याचें काम आमच्याकडे आहे. जुन्या आवृत्तींत आत्याआजींच्या नांवापुढें ‘काशीक्षेत्रीं वास्तव्य’ असें छापलेलें आहे, आणि मृत्यूच्या सनाची जागा रिकामी आहे. आम्हीं ती नोंद बदलण्याचा विषय काढतांच बंधूंनीं हरकत घेतली. त्यांच्या नातीच्या सोयरिकीचें बोलणें चालू आहे. समोरची मंडळी जुन्या वळणाचीं. साठ वर्षांमागची गोष्ट आतांच उकरून काढण्याचें कारण काय? त्यांचें म्हणणें वेडेपणाचें होतें असें नाहीं. ज्या भयानें आजोबांनीं कंदील विझविला तेंच हें भय, आणि रोग आनुवंशिक नाहीं हें ठाऊक असणाऱ्या सुशिक्षित माणसाच्या मनांतहि तें घर करून असतें. आम्ही चांगले दोन दिवस घोटाळलों. तिसऱ्या दिवशीं त्या नातीनेंच आपल्या आजोबांस सांगितलें कीं, ती गोष्ट तिनें मुलाला स्वतः कळविली आहे, आणि त्याचें उत्तर अद्यापि यावयाचें आहे. बंधु तिच्यावर रागावले. मातोश्री मात्र आम्हांस म्हणाल्या, “तूं लिही.”

दुरुस्तीचें पत्र आम्हीं लिहिलें. ‘काशीक्षेत्रीं वास्तव्य’ हे शब्द काढून ‘१९६२ पासून कुष्ठधामांत, घरच्यांनीं पाठविलें’ असे घातले. कुष्ठधामाचें नांव मातोश्रींस आठवत नाहीं. तें पोस्टकार्डावर होतें; फडताळांतील सर्व पोथ्या उलगडून पाहिल्या, पोस्टकार्ड सांपडलें नाहीं. तेवढी जागा पत्रांत कोरी ठेवली आहे.